पहिल्या वकीलबाईंची खुर्ची

१

"खुर्ची गेली!" असं मी ओरडले तेव्हा कोणी मान वर करूनही पाहिलं नाही, आणि त्यात त्यांची काही चूक नव्हती. कोर्टात खुर्च्या रोजच जातात. एखाद्या अशिलाचे चार नातेवाईक जास्त आले की शेजारच्या खोलीतली खुर्ची ओढून न्यायची, परत ठेवायची नाही, आणि मग त्यावरून दोन वकिलांनी आठवडाभर एकमेकांशी बोलायचं नाही, हे आमच्याकडे चालतंच.

पण ही खुर्ची राज्यातल्या पहिल्या वकीलबाईंची होती. महिला वकिलांच्या खोलीत, बुटक्या चौथऱ्यावर, भोवती दोरी लावून ठेवलेली. समोर पितळी पाटी: 'राज्यातील पहिल्या महिला वकिलांना संघाने आदरपूर्वक दिलेले आसन.' दुसऱ्या दिवशी, रविवारी, त्याच वकीलबाईंच्या स्मरणार्थ समारंभ होता. प्रमुख पाहुण्या होत्या राज्याच्या पहिल्या महिला न्यायमूर्ती. आता निवृत्त, वय ऐंशीच्या पुढे, आणि एके काळी त्या वकीलबाईंच्याच ज्युनियर. न्यायमूर्तींना त्या खुर्चीत बसवून फोटो काढायचा, ही आमच्या वकील संघाच्या अध्यक्षांची कल्पना. बाकी सगळी धावपळ माझ्याकडे, कारण समितीत मी सगळ्यात लहान आणि मला नाही म्हणता येत नाही.

कोर्टाला सुट्टी होती. इमारतीत आम्ही आणि कबुतरं, एवढेच. रंगारी शुक्रवारी दुपारी दारांच्या चौकटी खरवडून घरी गेले होते.

शनिवारी सकाळी खोली उघडली ती मावशींनी. मावशी म्हणजे या खोलीच्या पट्टेवाल्या. मी सनद घेतली त्याच्या कितीतरी आधीपासून त्या इथे आहेत, आणि वर्षअखेरीस निवृत्त व्हायच्या आहेत. कुलूप जिथल्या तिथे होतं. आत चौथरा होता, दोरी होती, पाटी होती. खुर्ची तेवढी नव्हती. आणि मागच्या दाराची आतली कडी निघालेली होती.

हे मागचं दार न्यायाधीशांच्या पॅसेजमध्ये उघडतं. त्या पॅसेजमधून न्यायाधीश आपापल्या कोर्टात जातात. वकिलांनी तिथे पाऊल टाकायचं नाही, असं कुठे लिहिलेलं नाही. पण टाकत नाहीत. त्यामुळे आमच्या लेखी ते दार म्हणजे भिंतच. पॅसेजच्या टोकाला जिना आहे, तेव्हा चोर जिन्याने गेला असणार, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं. खाली फाटकावरचा पहारेकरी मात्र शपथेवर सांगत होता की खुर्ची काय, साधा पाटही बाहेर गेलेला नाही.

अध्यक्ष टेनिस खेळून तडक आले होते, त्यांच्या दोन ज्युनियरांना घेऊन. आम्ही सगळी इमारत पालथी घातली. ग्रंथालय, उपाहारगृह, कागदपत्रांच्या नकला मिळतात ती खोली, एकूण एक कोर्ट. एक नंबर कोर्टात तर समारंभच व्हायचा होता. तिथे दारातून आत शिरताना आम्ही चौघांनी न्यायाधीश बसतात त्या रिकाम्या डायसला मान लववली, मग एकमेकांकडे पाहून ओशाळलो, आणि वकिलांच्या टेबलांखाली वाकून वाकून पाहिलं. काही नाही.

"किल्ली कोणाकडे असते?" अध्यक्षांनी मला विचारलं.

"मावशींकडे," मी म्हणाले.

हे खोटं नव्हतं. दुसरी किल्ली माझ्या टेबलाच्या उघड्या खणात आठवडाभर पडून होती, एवढंच मी बोलले नाही.

"बस्स. संध्याकाळपर्यंत खुर्ची आली नाही तर मी पोलिसांत तक्रार देणार. नाव एकच आहे."

मावशी दाराशी उभ्या होत्या. ती दुसरी किल्ली त्यांनीच तर माझ्या हातात ठेवली होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, नजर खाली घेतली, आणि त्या काहीही बोलल्या नाहीत.

२

मी माझ्या सिनियरना फोन केला. त्यांना सगळे 'सरकार' म्हणतात, अर्थात पाठीमागे. राज्यातल्या त्या पहिल्या महिला सरकारी वकील. उभी हयात "सरकारतर्फे" म्हणून उभं राहण्यात गेली, म्हणून हे नाव. आता त्या फौजदारी कामं घेत नाहीत, शब्दकोडी सोडवतात आणि माझे ड्राफ्ट फाडतात. आवाज मऊ आहे. साक्षीदार त्यांच्यासमोर कोलमडायचा तो नेहमी एखाद्या भलत्याच साध्या प्रश्नावर.

त्या आल्या, पर्स माझ्या हातात दिली आणि पहिला प्रश्न विचारला तो मलाच.

"कुलूप नवीन घेतलं की त्याबरोबर किल्ल्या किती येतात गं?"

माझे कान तापले. "दोन."

"दुसरी कुठाय?"

"माझ्या खणात, मॅडम. उघड्या."

"अध्यक्षांना सांगितलंस?"

मी जमिनीकडे पाहिलं. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या नुसतं "हं" म्हणाल्या आणि मागच्या दाराकडे गेल्या.

उंबऱ्याशी चुन्याची भुकटी सांडलेली होती, चौकट खरवडल्याची. तिच्यात काहीतरी ढकलत नेल्याच्या रेषा उमटल्या होत्या. शेजारी शेजारी तीन रेषा, उंबऱ्याशी तुटलेल्या आणि पलीकडे पुन्हा सुरू झालेल्या. पुढे पॅसेजमध्ये काथ्याची चटई लागत होती, तिथे काही दिसत नव्हतं.

"तिपाई नेली की काय कोणी?" मी म्हणाले.

"इथे तिपाई होती?"

"नाही."

"मग?"

त्या चौथऱ्याकडे वळल्या. चौथऱ्याच्या मागच्या डाव्या कोपऱ्यात, कापडात गुंडाळलेला चार बोटं उंचीचा एक ठोकळा होता. मी तो आधीही पाहिला होता, पण खुर्ची घासू नये म्हणून काहीतरी लावलं असेल, असं समजले होते. सरकारांनी कापड सोडलं. आत सागवानाचा तुकडा, जुन्या पॉलिशचा, खालच्या टोकाला निमुळता. वरची बाजू सपाट, करवतीच्या बारीक रेघा असलेली. त्यांनी तो उलटासुलटा केला, हुंगला, आणि सरळ माझ्या हातातल्या पर्समध्ये टाकला.

"हा ठोकळा नाही," त्या म्हणाल्या. "हा पाय आहे."

३

अध्यक्ष संघाच्या मोठ्या खोलीत, आपल्या वडिलांच्या तसबिरीखाली बसले होते. वडीलही त्यांच्या काळी संघाचे अध्यक्ष होते, आणि पाटीवरचा तो 'आदर' त्यांच्याच कारकिर्दीतला. त्या खोलीत गेलं की मुलाशी बोलताना बापही ऐकतोय, असं वाटत राहतं.

"मॅडम, तुम्ही कशाला त्रास घेतलात? सरळ प्रकरण आहे," ते म्हणाले.

"सरळ प्रकरणांतच मी हरले आहे बरं का," सरकार म्हणाल्या. "मला सांगा, ती खुर्ची डुगडुगायची का?"

"हो, एक पाय आखूड आहे ना. जुनी वस्तू, झिजायचीच. म्हणून तर आज सकाळी सुतार बोलावला होता. तो पाय बदलायचा, नवीन पॉलिश मारायचं. न्यायमूर्ती बसणार त्यात! मी परवाच त्यांना फोनवर सांगितलं, बाई, तुमच्यासाठी खुर्ची नव्यासारखी करून ठेवतो."

"काय म्हणाल्या?"

"काहीच नाही. वयामुळे हल्ली कमीच बोलतात." मग ते हसले. "गंमत सांगू? त्या पहिल्या वकीलबाई जरा धांदरट होत्या म्हणे. एकदा याच खोलीत खुर्चीवरून धपकन पडल्या. बाबा घरी जेवताना नक्कल करून दाखवायचे. आम्ही पोरं पोट धरधरून हसायचो."

ते इतकं छान सांगत होते की माझ्याही ओठांच्या कडा हलल्या. सरकारांचा चेहरा मात्र कोरा होता.

"खुर्ची तिथून गेली, तर कोणाला फायदा?"

"त्या भाचीला," अध्यक्ष लगेच म्हणाले. "वकीलबाईंच्या भावाची मुलगी. शाळेत शिकवते. गेली काही वर्षं मागे लागली आहे, खुर्ची आमची आहे, परत द्या म्हणून. काल दुपारीही येऊन तमाशा करून गेली. पण तिला किल्ली कोण देणार? मावशींशिवाय?"

भाची जवळच राहत होती. आम्ही पायीच गेलो. साधं दोन खोल्यांचं घर, खिडकीशी तपासायच्या वह्यांचा ढीग. तिने आम्हाला बसायला सांगितलं आणि मी बसता बसता थबकले. जेवणाच्या टेबलाभोवती पाच खुर्च्या होत्या. वेताची बैठक, निमुळते सागवानी पाय, पाठीला तीन दांड्या. अगदी तशाच.

"सहाचा संच होता," भाची म्हणाली. "आजोबांनी करून घेतलेला. आत्या वकील झाली तेव्हा तुमच्या त्या खोलीत तिला बसायला खुर्ची नव्हती. म्हणजे होत्या, पण प्रत्येक खुर्ची कोणाची तरी असायची. बसायला गेलं की मालक यायचा. शेवटी ती घरातून घेऊन गेली. 'आदरपूर्वक दिलेले' म्हणे! काल मी तुमच्या अध्यक्षांना म्हटलं, चला माझ्या घरी, उरलेल्या पाच बघा. ते म्हणाले, तुमच्या आत्यांचा सन्मान होतोय तर तुम्ही भांडताय कसल्या?"

मला ती पाटी आठवली. ती घासूनपुसून लखलखीत करून घेतली होती ती मीच.

"त्यांनी वकिली का सोडली?" सरकारांनी विचारलं.

"प्रकृती. सगळीकडे तसंच छापलंय ना? उजवं मनगट मोडलं होतं. ते कधी सरळ झालं नाही, भाकरीसुद्धा डाव्या हाताने थापायची. घरात पडले म्हणायची. पण आई सांगायची, ती सकाळी धडधाकट कोर्टात गेली आणि दुपारी हात गळ्यात बांधून आली. त्यानंतर गेलीच नाही. आणि बोलली तर कधीच नाही."

"त्या दिवसांत त्यांच्याबरोबर कोर्टात दुसरं कोण असायचं?"

"एकच मुलगी होती, तिची ज्युनियर. आत्या तिला घरी जेवायला आणायची." भाचीने बाहेर पाहिलं. "पुढे खूप मोठी झाली ती. उद्या तुमच्याकडे येणार आहे."

४

मावशी खोलीत चौथरा पुसत बसल्या होत्या. पुसण्यासारखं काही उरलं नव्हतं तरी.

"मावशी, मी तुम्हाला चोर म्हणत नाही," सरकार शेजारी जमिनीवरच बसत म्हणाल्या. गुडघे कुरकुरले तरी बसल्या. "कारण तुम्ही पाण्याने भरलेली बादली एका हाताने जिना चढवता. तुम्ही ती खुर्ची बगलेत मारून नेली असती. ही तर ढकलत नेली आहे, टेकत टेकत. उचलायचं बळ नाही अशा माणसाने."

मावशींचा हात थांबला.

"तीनच रेषा का, तेही आता कळलं," सरकार माझ्याकडे वळून म्हणाल्या. "चौथा पाय जमिनीला लागतच नव्हता."

"मला काही ठाऊक नाही, बाई," मावशी म्हणाल्या.

"काल संध्याकाळी तुम्ही कोणाला तरी खोली उघडून दिली."

"कोणाला नाही."

"त्यांनी तुम्हाला पाणी आणायला पाठवलं असेल. तुम्ही आलात तेव्हा त्या पुढच्या दाराशी उभ्या होत्या. तुम्ही आत न बघता कुलूप लावलंत."

मावशींच्या डोळ्यांत पाणी आलं, पण मान हलली ती नाहीच म्हणून. मला राहवलं नाही.

"मावशी, तुम्हाला पोलिसांत नेतील हो! नाव सांगून टाका ना!"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही, आणि तेच मला सोसवेना.

"ताई, तुमचं नाव तरी मी कुठे सांगितलं?"

त्या पुन्हा फडकं फिरवू लागल्या.

"एखादी म्हातारी बाई एकटीच रडत असली," मावशी स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाल्या, "तर तिचं नाव चव्हाट्यावर आणायचं का? नोकरी काय, आज ना उद्या सुटणारच आहे."

सरकार माझा हात धरून उठल्या. "चल. खुर्ची इमारतीतच आहे. फक्त तुम्ही शोधली नाहीत."

"मॅडम, आम्ही एकूण एक जागा पाहिली."

"सगळ्यांनी मिळून?"

"चौघांनी."

"चौघेही वकील," त्या म्हणाल्या. "तिथेच घोटाळा झाला."

५

आम्ही एक नंबर कोर्टात गेलो. उद्यासाठी खुर्च्यांच्या रांगा मांडून झाल्या होत्या. पाहुण्यांसाठी व्यासपीठ केलं होतं तेही खाली, वकिलांच्या टेबलांच्या जागी. डायस तसाच वर, उंच लाकडी कठड्यामागे, रिकामा. दारातून शिरताना माझी मान आपोआप लवली.

"हे बघ," सरकार म्हणाल्या. "अध्यक्षांनी तर सुतार बोलावलाच होता, आज तो पाय बदलला असता की सगळा पुरावा आपोआप गेला असता. त्यांनी खुर्ची चोरायचं काहीच कारण नाही. भाचीला हवी होती, पण ती धट्टीकट्टी आहे, उचलून फाटकातून नेली असती. ढकलणारं माणूस अशक्त आहे. त्याला खुर्ची न्यायची नव्हती, फक्त उद्यापर्यंत दिसू द्यायची नव्हती. आणि ते माणूस न्यायाधीशांच्या पॅसेजमध्ये बिनदिक्कत शिरलं. तो पॅसेज या कोर्टात कुठे उघडतो?"

"डायसवर," मी म्हणाले, आणि मग माझं मलाच हसू यावं की रडू, ते कळेना. सकाळी आम्ही चौघांनी टेबलांखाली डोकी घातली होती. डायसवर चढायचं मात्र कोणाच्या मनातही आलं नव्हतं. तिथे आपण जात नाही. सुट्टीतही नाही, चोर शोधतानाही नाही.

सरकार डायसच्या पायऱ्यांपर्यंत गेल्या आणि थांबल्या. पाय उचलला, पुन्हा खाली ठेवला.

"बघ ना," त्या चिडून म्हणाल्या. "सगळं आयुष्य या बाजूला उभं राहण्यात गेलं. पाय उठत नाही. तू जा."

मी वर गेले. चोरासारखी गेले, खरं सांगते. कठड्यामागे उंच पाठीच्या तीन खुर्च्या होत्या, पांढऱ्या खोळी घातलेल्या. आणि मधल्या खुर्चीच्या पलीकडे, लहान मुलाने मोठ्यांच्या रांगेत उभं राहावं तशी, ती चौथी उभी होती. मागचा डावा पाय अधांतरी.

मी पर्समधला तुकडा काढून त्या पायाखाली धरला. रेघेला रेघ मिळाली.

"झिजलेला पाय असा सरळ झिजत नाही," खालून सरकार म्हणाल्या. "कापला आहे. आणि तुकडा जपून तिथेच खाली ठेवला, म्हणजे बसेपर्यंत खुर्ची धड दिसावी. आता मला सांग, तेव्हा या इमारतीत असलेलं, आणि आजही डायसवर न अडखळता जाणारं, असं जिवंत माणूस कोण आहे?"

उत्तर मला माहीत होतं. त्या माणसाचं भाषण मी वकील होण्याआधी पाठ केलं होतं.

६

न्यायमूर्तींनी दार स्वतःच उघडलं. वाळलेल्या, ताठ, काठी हातात. मागे भिंतभर मानपत्रं.

"सरकार," त्या म्हणाल्या, "तू आलीस म्हणजे संपलं. बस."

सरकार बसल्या नाहीत. त्यांनी तो तुकडा टेबलावर ठेवला. न्यायमूर्तींनी त्याला हात लावला नाही.

"करवत कोणी चालवली, ते मला आजही माहीत नाही," त्या म्हणाल्या. "पण आदल्या दिवशी मला सांगण्यात आलं होतं, उद्या जरा लवकर या, मजा आहे. मी लवकर गेले. खोली भरलेली होती. एरवी त्या वेळेला तिथे चिटपाखरू नसायचं. अध्यक्ष, म्हणजे याचा बाप, खिडकीशी उभा होता. मला सगळं कळलं होतं गं. बाई दारातून आल्या, फाइली टेबलावर ठेवल्या, माझ्याकडे बघून हसल्या. मी एक शब्द बोलले असते तर त्या बसल्या नसत्या."

सरकार अजून उभ्याच होत्या.

"त्या पडल्या. हात खाली आला. हाड मोडल्याचा आवाज मला ऐकू आला, आणि खोली हसली. मीही हसले." त्यांनी हे वाक्य निकाल वाचावा तसं वाचलं. "मला कोणी बळजबरी केली नव्हती. मी त्यांच्यातलीच आहे असं दिसावं, एवढ्यासाठी हसले. बाईंनी बाकी कोणाकडे पाहिलं नाही. फक्त माझ्याकडे पाहिलं. आणि दुसऱ्या दिवशी मला खोलीत खुर्ची मिळाली. माझी, हक्काची. पुढचं सगळं त्या खुर्चीवरून मिळालं."

भिंतीवरच्या मानपत्रांकडे माझी नजर जाईना.

"परवा तो फोनवर म्हणाला, बाईंच्या खुर्चीत तुम्हाला बसवतो. पाय नवा लावून." त्यांनी काठी दुसऱ्या हातात घेतली. "मी नुसती बघायला गेले होते. मग वाटलं, नाही. त्या खुर्चीत मी नाही बसणार, आणि तो पायही बदलू देणार नाही. दुसरी जागा सुचली नाही. पाय आपोआप डायसकडे वळले. किती निर्लज्ज सवय बघ."

मला वाटलं, सरकार आता युक्तिवाद करतील. इतका सोपा खटला त्यांना आयुष्यात मिळाला नसेल. त्या एवढंच म्हणाल्या,

"मावशींवर आळ आला आहे, बाई. त्यांनी तुमचं नाव सांगितलेलं नाही."

न्यायमूर्ती खाली बसल्या. काठी हातातून सुटली. उचलायला मी वाकले तर त्यांनी हातानेच थांबवलं.

"म्हणजे पुन्हा तेच," त्या म्हणाल्या. "मी गप्प, आणि मोडणार दुसऱ्याच बाईचा हात."

काठी त्यांनी स्वतःच उचलली. मग त्यांनी विचारलं, "भाचीला बोलावलं आहे का उद्या?"

"नाही," मी म्हणाले. आमच्या यादीत ती नव्हती.

"बोलवा. आणि खुर्ची आहे तिथेच राहू द्या."

७

संध्याकाळी मी अध्यक्षांकडे गेले आणि दुसऱ्या किल्लीचं सांगितलं. आधी का नाही बोललात, असं त्यांनी विचारलं. भीती वाटली म्हणून, असं मी म्हणाले. ते चडफडले, पण उद्या समारंभ, आता गवगवा नको म्हणून तक्रार द्यायचं तेवढं राहिलं. मावशींसमोर मात्र मला बोलता आलं नाही. नुसती त्यांच्या हातातलं फडकं घेऊन पाटी पुसत राहिले, आणि मग लक्षात आलं की मी तीच खोटी पाटी पुन्हा चमकवते आहे.

रविवारी एक नंबर कोर्ट गच्च भरलं. पहिल्या रांगेत भाची, तिच्याशेजारी सरकार, आणि सरकारांनी ओढून बसवलेल्या मावशी. अध्यक्षांनी आपल्या वडिलांच्या उदारपणावर भाषण केलं. खुर्ची दुरुस्तीला गेल्यामुळे दाखवता येत नाही, दिलगीर आहोत, असंही म्हणाले. मग न्यायमूर्तींचं नाव पुकारलं.

त्या माइककडे गेल्या नाहीत. काठी टेकत, एक एक पायरी करत, डायसवर गेल्या. आणि तिथे जे होतं तेच झालं: न्यायाधीश डायसवर आले म्हणून आख्खा हॉल उठून उभा राहिला. कोणी सांगितलं नव्हतं. मीही उभी होते.

त्या कठड्यामागून खुर्ची ढकलत बाहेर आल्या. सभागृहात कुजबुज झाली. अध्यक्षांचं तोंड उघडंच राहिलं.

"मावशी," त्या म्हणाल्या, "ही खाली ठेवता का? मला उचलत नाही. परवाही उचलली नव्हती. मावशींनी मला फक्त दार उघडून दिलं. खुर्ची मी नेली, मीच लपवली. हे सगळ्यांनी ऐकलं ना?"

सगळ्यांनी ऐकलं होतं. मावशींनी खुर्ची एका हाताने उचलली आणि खाली, सगळ्यांच्या समोर, मधोमध ठेवली. समोरून पाहिलं तर तिच्यात काहीच खोट दिसत नव्हती.

"बसा सगळे," न्यायमूर्ती म्हणाल्या. हॉल बसला. "अध्यक्ष, तुम्ही इथे बसा. बाईंच्या जागेवर. तुमच्या घराण्याचा मान आहे."

अध्यक्ष गोंधळले, पण एवढ्या लोकांसमोर मान नाकारायचा कसा? आखूड पायाची आठवण त्या गडबडीत राहिली नसावी. त्यांनी कोट सारखा केला, सभागृहाकडे पाहून स्मित केलं, ऐटीत बसले आणि मागे टेकले. खुर्ची डावीकडे कलंडली. त्यांचे दोन्ही हात वर गेले, एक बूट हवेत उडाला, भाषणाचे कागद विखुरले, आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्याचा गज कसाबसा हातात आल्यामुळे ते गुडघ्यांवर टेकले.

हॉल खदखदून हसला. पुढच्या रांगा हसल्या, मागच्या उभं राहून हसल्या, फोटोवाला हसता हसता फोटो काढत होता. मी हसले. मला सगळं माहीत होतं, तरी हसले.

न्यायमूर्ती वर उभ्या होत्या. त्यांनी कोणाला गप्प केलं नाही. हसू आपलं आपण ओसरेपर्यंत त्या थांबल्या, आणि मग माइकशिवाय, सगळ्यांना ऐकू येईल अशा आवाजात म्हणाल्या,

"असेच हसले होते सगळे. त्यांचं मनगट मोडलं होतं. हा पाय करवतीने कापलेला आहे, आणि मला आधीपासून माहीत होतं. हसणाऱ्यांत मी होते."

एवढंच. पुढे भाषण नव्हतं.

अध्यक्ष उठले, पण जागेवर गेले नाहीत. बापाची नक्कल आठवली असावी. ते मान खाली घालून एकाच जागी उभे राहिले. भाची पुढे आली. सरकारांनी पर्समधून तो सागवानी तुकडा काढून तिच्या हातात दिला. तिने तो पदरात बांधला, न्यायमूर्तींकडे एकदा पाहिलं, फार वेळ पाहिलं, आणि काही न बोलता खुर्ची उचलली. मधल्या वाटेने ती चालत निघाली तेव्हा दोन्ही बाजूंचे वकील सरकून जागा देत होते.

ती माझ्याजवळून गेली. तिच्या मागून मावशी माझ्याकडेच पाहत होत्या. माझं हसू चेहऱ्यावर अजून तसंच होतं, आणि ते कसं काढावं, ते मला कळत नव्हतं.